कोपऱ्यातल्या चौकटीतली सबे

आमची गल्ली सोन्याचे वर्ख ठोकणाऱ्यांची. मंडालेत कुणालाही पत्ता विचारा, आधी हातोड्यांचा आवाज येईल आणि मग गल्ली दिसेल, असंच सांगतील. नवा माणूस आला की कानांवर हात ठेवतो. दिवसभर त्या दणदणाटात बसून ज्याचं डोकं कधी दुखलं नाही असा एकच कारागीर आमच्याकडे होता, ज्वे. तो जन्मापासून ठार बहिरा. सबे न्वे ही त्याची धाकटी बहीण, आणि मी सांगते आहे ती तिची हकिगत.

गल्लीच्या तोंडाशी माझं चहाचं दुकान आहे. ह्या दोघांची आई, ऑन ची, माझ्या दुकानाबाहेरच सकाळी मोहिंगा विकायची. मासळीचा दाट रस्सा आणि त्यात तांदळाच्या शेवया. नवरा लवकर गेला, त्यामुळे पोरं माझ्या बाकड्यांखालीच लहानाची मोठी झाली म्हणा ना. ऑन चीला रस्सा ढवळण्यातून उसंत नसायची, म्हणून ज्वेशी बोलायचं काम सबेकडे आलं. ती तोंडाने बोलायला लागली त्याच सुमारास हातांनीही बोलायला लागली. ज्वे बहिऱ्यांच्या शाळेतून रोज नव्या खुणा घेऊन यायचा, आणि दिवेलागणीपर्यंत त्या सबेच्या बोटांत उतरलेल्या असायच्या.

दोघं भारी आगाऊ. गल्लीतल्या प्रत्येकाला त्यांनी खुणेचं नाव ठेवलं होतं. माझं नाव म्हणजे किटली वाकडी करायची. पॅगोडाचे विश्वस्त ऊ फोन म्हणजे पोटावरून गोल फिरवलेला हात. ज्वेचा जिवलग मित्र विनबो, तोही बहिराच. हसला की त्याच्या डाव्या गालाला खळी पडायची, म्हणून गालात बोट खुपसलं की विनबो. ऊ फोन समोर चहा पीत असताना ही पोरं त्यांच्याबद्दल हातांनी काहीबाही बोलून खिदळायची. ऊ फोन मला विचारायचे, "काय म्हणतायत गं ही कार्टी?"

मी म्हणायचे, "तुमची तब्येत सुधारली म्हणतायत."

असं करता करता मलाही बऱ्यापैकी खुणा कळायला लागल्या. पुढे जे बोलणं हातांनी झालं ते मी आपल्या बोलीत सांगते, म्हणजे तुम्हाला सोपं जाईल.

सबे शिकली आणि ज्वेच्याच शाळेत शिक्षिका झाली. मग सरकारी वाहिनीने ठरवलं की बातम्या चालू असताना पडद्याच्या कोपऱ्यात खुणा करणारी बाई ठेवायची. सबेची निवड झाली, राजधानीत सरकारी नोकरांच्या वसाहतीत खोली मिळाली. ज्या दिवशी ती पहिल्यांदा पडद्यावर येणार होती, त्या दिवशी मी दुकानातला टीव्ही पुसून घेतला. ज्वे शहरातले सगळे बहिरे मित्र गोळा करून आला. मी त्यांना पुढच्या ठेंगण्या स्टुलांवर बसवलं आणि ऐकू येणाऱ्यांना मागे. ऊ फोन कुरकुरले, "माझी रोजची जागा गेली की!"

"तुम्ही ऐका," मी म्हटलं. "त्यांना बघायचंय."

आठ वाजता निवेदिका दिसली आणि खाली उजव्या कोपऱ्यात, बिस्किटाएवढ्या चौकटीत, आमची सबे. गालांवर आमच्या बायका रोज लावतात तो तनाखाच्या सालीचा लेप नाही, केस चापूनचोपून बांधलेले, निळा बंद गळ्याचा झगा. धरणाचं उद्घाटन, मंत्र्यांची भेट, भाताचे भाव, असल्याच बातम्या, पण ती पोरं अशी बघत होती जणू आयुष्यात पहिल्यांदा कुणी त्यांना बोलावून शेजारी बसवलंय. बातम्या संपल्या तेव्हा तिने हात खाली घेताना चटकन एक खूण केली. चार बोटं तोंडाशी आणि मान किंचित तिरकी. 'जेवलास का?' ती ज्वेसाठी होती. ज्वेने तिथल्या तिथे, टीव्हीकडे बघून, जेवलो म्हणून उत्तर दिलं. दुकानात हशा पिकला आणि ऑन चीने डोळे पुसले.

रोज असंच चालायचं. माझ्या दुकानात आठ वाजता बहिऱ्यांची सभा भरायची, आणि सबे कोपऱ्यातून भावाला जेवणाचं विचारायची. वाहिनीवर कुणाला ते कळायचं नाही. नमस्काराचीच काहीतरी खूण असेल, असं त्यांना वाटत असावं.

मग ती फेब्रुवारीतली सकाळ आली. उठले तर फोन मेलेला. टीव्ही लावला तर एकेक वाहिनी काळी, फक्त लष्कराच्या वाहिनीवर गणवेशातला माणूस कागद वाचत होता: निवडणुकीत घोटाळा झाला, सत्ता लष्कराने ताब्यात घेतली, आणीबाणी. गल्लीत त्या दिवशी हातोडे वाजले नाहीत. ऊ फोन चहा न पिताच बसून राहिले. म्हणाले, "माझ्या आयुष्यात हे पुन्हा बघावं लागेल असं नव्हतं वाटलं."

संध्याकाळी सरकारी वाहिनी परत चालू झाली. निवेदक नवा होता. कोपऱ्यात सबे होती. बहिरी पोरं नेहमीच्या स्टुलांवर येऊन बसली. दिवसभर आम्ही ऐकू येणाऱ्यांनी त्यांना तुटक खुणांनी सांगायचा प्रयत्न केला होता, पण त्यांना नीट कळलं ते सबेच्या हातांतून. कोणाला पकडलं, संचारबंदी किती वाजल्यापासून, बँका उघडणार की नाही. विनबो ज्वेला म्हणाला, "तिच्या शेजारी कुणीतरी उभं आहे. बघ, तिचे डोळे डावीकडे जातात." शेवटी जेवणाची खूण आली नाही.

दुसऱ्या दिवसापासून रात्री आठला गल्लीत भांडी वाजायला लागली. घरात शिरलेली अवदसा आम्ही असंच थाळ्या-पातेली बडवून हाकलतो, तेच शहरभर सुरू झालं. ज्वे आणि विनबोसुद्धा बाहेर यायचे. ज्वे वर्खाचा हातोडा घेऊन पत्र्याच्या पिंपावर असा तुटून पडायचा की सगळी गल्ली त्याच्याकडे बघायची. आठला बातम्या आणि आठलाच भांडी, त्यामुळे ती पोरं एक डोळा टीव्हीकडे ठेवून बडवायची.

त्याच महिन्यात सबे दोन दिवस घरी आली. तोवर शाळामास्तर, डॉक्टर, रेल्वेवाले, सगळे कामं सोडून घरी बसले होते. लष्कराची चाकरी करायची नाही, असं देशभर ठरलं होतं. सबेच्या वाहिनीतलेही कितीतरी जण पळून गेले होते. ती दुकानात आली. कुणीतरी मागून म्हणालं, "आली लष्कराची बाहुली."

सबेने ऐकलं. माझ्यासमोर बसली आणि म्हणाली, "खिनमावशी, चहा दे. की तूही मला नाही देणार?"

"देते की. पण तू सोडतेस कधी ते सांग. सगळे सोडतायत."

"सोडू म्हणजे काय होईल सांगू? ती चौकट काळी होईल. तुम्ही फोन बंद झाला तर रेडिओ ऐकता, शेजारी ओरडला तर ऐकता. ज्वे काय ऐकणार? संचारबंदीची वेळ रोज बदलते. शिपाई मागून 'थांब' म्हणाला तर विनबोला कळणार आहे का? कुठला रस्ता बंद ते त्यांना मी सांगते, दुसरं कोणी सांगत नाही."

"आणि बाकीचं?" ऊ फोन म्हणाले. "लोक दंगल करतात म्हणून सांगतेस ते? माझी नात मोर्च्यात जाते. ती दंगेखोर का?"

"ते मी नाही म्हणत, आजोबा. कागदावर असतं."

"हात तर तुझेच असतात ना, पोरी?"

ती चहा तसाच ठेवून घरी गेली. घरी ज्वेशी तिचं कडाक्याचं भांडण झालं. मुक्या भांडणाला आवाज नसतो असं लोकांना वाटतं. तसं काही नाही. टाळ्या, जमिनीवर पाय, उराशी आपटलेल्या मुठी. ऑन ची मधे उभी, कुणाची बाजू घ्यावी तिला कळेना. ज्वे म्हणत होता, "तुझं खोटं बघायला लागण्यापेक्षा मला काहीच न कळलेलं बरं." सबे म्हणत होती, "तुला जिवंत ठेवायला खोटं सांगते मी." जाताना तिने आईच्या पाया पडून घेतलं. ज्वे कारखान्यातून बाहेर आला नाही.

मार्च महिन्यात गोळ्या चालायला लागल्या. मोबाइलचं इंटरनेट तोडलं. आमच्या गल्लीच्या टोकाला वाळूच्या पोत्यांची भिंत पोरांनी उभी केली, शिपायांनी ती आम्हालाच काढायला लावली.

विनबोचा उसाच्या रसाचा गाडा होता. एका संध्याकाळी तो गाडा ढकलत घरी चालला होता, संचारबंदीला अजून वेळ होता. मागून शिपायांची गाडी आली. ते काय ओरडले ते अर्ध्या गल्लीने ऐकलं. 'थांब! हात वर!' विनबो आपला गाडा ढकलत राहिला. मी दुकानाच्या फळीच्या फटीतून बघत होते आणि मला ओरडताही येईना, कारण ओरडून उपयोग काय? त्याला पाठीत गोळी लागली. उसाचे तुकडे रस्ताभर पसरले. शिपायांनी त्याला गाडीत टाकून नेलं. त्याची आई दॉ सेन एक चप्पल घालून धावत आली, तोवर रस्त्यावर गाडाच उरला होता.

दुसऱ्या दिवशी आठच्या बातम्यांना माझं दुकान भरलेलं होतं. कोणी भांडी वाजवली नाहीत. निवेदकाने वाचलं की, अमुक पेठेत एका दंगेखोराने सुरक्षा दलावर लोखंडी दांड्याने हल्ला केला, झटापटीत पडून तो मरण पावला. आणि त्याने नाव वाचलं. विनबो.

कोपऱ्यात सबे क्षणभर थांबली. तिला पूर्वसूचना नव्हती. निवेदकाबरोबरच तिला नाव कळलं, हे तिच्या चेहऱ्यावरून दिसलं. मग तिने खूण केली. 'दंगेखोर' आणि गालात बोट. 'पडून मेला.' आणि तिचे हात पुढच्या बातमीवर गेले.

स्टुलांवर बसलेली ती सगळी पोरं, त्यांना नावाची अक्षरं बोटांनी करून दाखवली असती तर कदाचित कळलंही नसतं. विनबो नावाची माणसं शेकड्यांनी आहेत. पण गालात बोट म्हणजे एकच. त्यांचा विनबो, ह्याच स्टुलावर बसणारा. त्याला आपल्यातल्याच मुलीने, आपल्या भाषेत, लहानपणी लाडाने ठेवलेल्या नावाने, दंगेखोर म्हटलं.

ज्वे उठला. टीव्हीसमोर जाऊन उभा राहिला, आणि बहिणीकडे पाठ केली. मग डोळे घट्ट मिटून घेतले. ऐकू येणारा माणूस तोंडावर दार आपटतो ना, तसंच ते. एकेक करून सगळे वळले. मी टीव्ही बंद केला, तो पुढे कितीतरी महिने लावला नाही.

पुढे काय झालं ते तुम्ही ओळखाल. सबेचा फोटो लोकांनी ह्या फोनवरून त्या फोनवर फिरवला, खाली 'खुनी लष्कराची जीभ'. ऑन चीच्या मोहिंग्याला गिऱ्हाईक येईना. भल्या सकाळी उठून ती रस्सा करायची आणि दुपारी तो कुत्र्यांना घालायची. मी रोज एक वाटी घ्यायचे. एकदा ऊ फोननी घेतली, तर कुणीतरी टोमणा मारला, "आजोबा, त्या रश्श्यात विनबोचं रक्त आहे." ऊ फोननी वाटी खाली ठेवली. ऑन चीने बिचारीने ती उचलून धुतली. विनबोचं प्रेत दिलं नव्हतं. दॉ सेनने रिकामी सतरंजी पसरून त्याचा सातव्या दिवसाचा विधी केला. ज्वे तिथे गेला तर तिने त्याला जेवू घातलं, पण ऑन चीने दिलेलं ताट परत पाठवलं.

पाण्याचा सण आला आणि गेला, त्या वर्षी कुणी कुणावर पाणी उडवलं नाही. आणि सणानंतर थोड्याच दिवसांत निरोप आला की सबेला पकडलं. वाहिनीच्या आवारातूनच. का, ते कुणी सांगेना. गल्लीत लोक म्हणाले, मालकाने आपलंच कुत्रं बांधून घातलं. कुणी म्हणालं, पैशाचं काही लफडं असेल. ऑन ची राजधानीला खेटे घालून आली. तिला एवढंच कळलं की लष्कराविरुद्ध लोकांना चिथावल्याचा गुन्हा आहे आणि तीन वर्षांची शिक्षा झाली.

"चिथावलं?" मी म्हटलं. "हिने? कोणाला?"

"मला काय माहीत, खिन. मला तिला भेटूसुद्धा दिलं नाही."

उत्तर मिळालं ते पावसाळ्यानंतर, इंटरनेट पुन्हा बरं चालायला लागलं तेव्हा. मेत्थीला गावात ऊ थान म्हणून म्हातारे सुतार आहेत, ज्वेच्या शाळेतले सगळ्यात जुने विद्यार्थी. स्वतः बहिरे, आणि पडल्यामुळे कंबर गेलेली. वर्षभर अंथरुणावर होते. त्यांच्या लेकीने पायथ्याशी टीव्ही लावून दिला होता आणि त्यांना दुसरीकडे कुशीवर वळताच येत नव्हतं. देशभरातल्या बहिऱ्यांनी ती वाहिनी बघणं सोडलं तेव्हा हे एकटे बघत राहिले. वळता येत नाही म्हणून.

एक दिवस त्यांनी ज्वेला फोनवरून चित्रासह गाठलं. ज्वे माझ्या दुकानात होता. त्याने फोन साखरेच्या बरणीला टेकवला आणि मीही बघत राहिले. आधी ख्यालीखुशाली झाली. मग म्हाताऱ्याने विचारलं, "तुझी बहीण सुटली का?"

ज्वेने हात झटकला. "मला बहीण नाही."

म्हाताऱ्याने विचारलं, "म्हणजे तू बघितलंच नाहीस?"

"काय?"

"अरे, त्या मुलाच्या बातमीनंतर. निवेदक एक वाचायचा आणि ती दुसरंच सांगायची. निवेदक म्हणायचा, मंत्र्यांनी पुलाची पाहणी केली. ती सांगायची, विनबो दंगेखोर नव्हता. त्याची शिपायांकडे पाठ होती. त्याला ऐकू येत नव्हतं. पाठीवर मोठी पांढरी पट्टी लावा, बहिरा आहे असं लिहा. आवाज झाल्यासारखी माणसं पळाली तर आधी हात वर करा, मग वळा. मंडालेला अमक्या चौकात गोळी चालली, एवढी माणसं गेली. रोज सांगायची. मी माझ्या लेकीला बोलावून दाखवायचो, तिला खुणा येत नाहीत. मी म्हणायचो, ही पोरगी आज ना उद्या सापडणार."

ज्वेचे हात हवेत तसेच राहिले होते.

"आणि शेवटी रोज," म्हातारा म्हणाला, "तुझं नाव घेऊन विचारायची, जेवलास का? मला वाटायचं, तू उत्तर देत असशील."

ज्वे उठून मागच्या मोरीत गेला. थोड्या वेळाने मी आत गेले तर तो नळ सोडून पाण्याखाली हात धरून उभा होता. मी नळ बंद केला, त्याला स्टुलावर बसवलं. तो मला म्हणाला, "मावशी, ती बोलत होती आणि मी डोळे मिटले."

मी त्याला म्हटलं, "सगळ्यांनीच मिटले, बाळा." त्याने मान हलवली. ते त्याच्या कामाचं नव्हतं.

हे उघडं कसं पडलं, ते नक्की कुणाला माहीत नाही. कुणी म्हणतं, एका कर्नलची मुलगी बहिरी होती, तिने जेवताना बापाला विचारलं, विनबो कोण? खरं असेल तर ती मुलगी, आणि मेत्थीलाचे ऊ थान, एवढेच सबेला बघणारे. बाकी ज्यांच्यासाठी तिने जीव धोक्यात घातला ती माणसं माझ्या बंद टीव्हीकडे पाठ करून बसलेली.

गल्लीत ही गोष्ट पसरली. माणसं आता ऑन चीकडे मोहिंगा घ्यायला आली, वर एक अंडं जास्त मागू लागली, थांबून चौकशी करू लागली. ऊ फोन तर भल्या पहाटे आले. ऑन चीने सगळ्यांना वाढलं. फक्त मला हळूच म्हणाली, "माझी मुलगी तेव्हाही हीच होती, खिन."

तुरुंगात भेटी सुरू झाल्या तेव्हा मी ज्वेबरोबर गेले, म्हणजे दारावरच्या शिपायाशी बोलायला कुणीतरी हवं. दुहेरी जाळी, मधे हातभर अंतर. इतर कैदी आणि त्यांची माणसं एकमेकांवर ओरडत होती, कुणाचं कुणाला कळत नव्हतं. मला वाटलं, देवा, निदान ह्या दोघांना तरी ह्याचा त्रास नाही. सबेला आणलं. वाळली होती, केस कापलेले. ज्वेला बघून तिचे हात वर आले.

"हात खाली!" शिपाई गरजला.

मी म्हटलं, "साहेब, तो बहिरा आहे. ते असेच बोलतात."

"तोंडाने बोलायचं. खुणा चालणार नाहीत. काय बोलतात ते आम्हाला कळायला नको?"

"त्याला ऐकूच येत नाही हो!"

"मग भेटायला कशाला आला?"

सबेने हात खाली घेतले, मांडीवर एकात एक घालून ठेवले. ज्वेनेही. दोघं समोरासमोर बसून राहिले. शिपायाचं पूर्ण लक्ष त्यांच्या बोटांवर. मग सबे तोंडाने बोलायला लागली. आवाज अगदी साधा, घरात बोलावं तसा; बोलली मात्र माझ्याशी. "मावशी, त्याला घरी गेल्यावर सांग. मी विनबोची खूण केली ती आपल्या पोरांना कळावं म्हणून. अक्षरं केली असती तर तो कोण ते समजलंच नसतं. आपला विनबो मारला, हे कुणीतरी त्यांना सांगायला हवं होतं ना? दंगेखोर हा शब्द मला गाळता आला असता. मी घाबरले. माझ्याशेजारी त्यांचा माणूस उभा होता. पुढच्या दिवशी धीर आला, पण एक दिवस उशीर झाला."

ज्वे तिच्या ओठांकडे बघत होता. त्याला काही कळत नव्हतं. तो फक्त रडत होता, आणि डोळे पुसायलाही हात वर करायची त्याला भीती वाटत होती.

बाहेर आल्यावर, बसच्या थांब्यावर, मी त्याला माझ्या मोडक्यातोडक्या खुणांनी ते सगळं सांगितलं. 'घाबरले' ही खूण मी चुकीची केली असावी, त्याने मला दोनदा करायला लावली.

सबे शिक्षा पुरी व्हायच्या आत, एका पौर्णिमेला कैद्यांना दिलेल्या माफीत सुटली. गल्लीने फुलं आणली, ऊ फोननी गुलाबपाणी शिंपडलं. तिने सगळ्यांना हात जोडले, हसली, घरात गेली. ज्वे तिच्या पायांशी बसला आणि माफी मागायला लागला. तिने त्याचे दोन्ही हात धरून थांबवले. बहिऱ्या माणसाचे हात धरले म्हणजे त्याचं तोंडच दाबलं. "नको," त्याचे हात सोडून ती खुणेने म्हणाली. "तू बरोबर होतास. मीही बरोबर होते. त्याने काय फरक पडला?"

शाळेने तिला घेतलं नाही. आता ती आईबरोबर मोहिंगा विकते. ज्यांनी तेव्हा पाठ फिरवली ती बहिरी माणसं तिच्याकडे कामं घेऊन येतात, दवाखान्यात चल, पोलीस चौकीत चल. ती जाते. काम तेवढं करते आणि परत येते. पूर्वीसारखी खिदळत नाही, कुणाला खुणेचं नाव ठेवत नाही. ज्वेशी बोलते, पण तो सांगतो की तिच्या खुणा लहान झाल्यात. पूर्वी ती सगळ्या अंगाने बोलायची, आता मनगटाच्या खालून बोलते. मी दुकानात टीव्ही पुन्हा लावला, तेव्हा ती आत यायची बंद झाली. चहा बाहेरच पिते.

एक गोष्ट तेवढी तिने सोडली नाही. अधूनमधून ती डब्यात मोहिंगा भरून दॉ सेनच्या दारी जाते. दॉ सेनला ऐकू येतं, पण खुणा तिने कधी शिकल्याच नाहीत. मुलाशी ती डोळ्यांनी आणि ताटानेच बोलायची. ऊ थानने सांगितलेलं तिला आम्ही सगळ्यांनी समजावलं. ती म्हणाली, "असेल. मी तर त्या दिवशी तिला टीव्हीत बघितलं. ते दंगेखोर म्हणत होते आणि ही कोपऱ्यात हात हलवत होती. मला तेवढंच दिसतं, खिन, मी काय करू?"

बरेच दिवस तिने दार उघडलं नाही. सबे डबा पायरीवर ठेवून यायची आणि दुसऱ्या दिवशी तो तसाच उचलून आणायची. ह्या थंडीत एकदा मीही बरोबर होते. दार उघडलं. दॉ सेनने डबा हातातून घेतला, झाकण उघडून वास घेतला. "लिंबू टाकलंयस का वेगळं?"

"टाकलंय, मावशी. पुडीत आहे."

"त्याला आवडायचं नाही लिंबू."

"माहीत आहे. म्हणून वेगळं ठेवलंय."

दॉ सेनने झाकण परत लावलं. आत ये म्हणाली नाही. मग डबा घेऊन आत गेली आणि दार लोटून घेतलं, कडी मात्र लावल्याचा आवाज आला नाही. सबे पायरीवर जरा थांबली, आणि आम्ही घराकडे वळलो.